‘तो’ व्हिडिओ कोणी पाहिलाय?

आमच्या नागपूरच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर सध्या एकाच व्हिडिओची चर्चा आहे. पाहणाऱ्याची झोप उडते, एका मुलाने तर म्हणे जिवाचं बरंवाईट करून घेतलं. ग्रुपमधल्या एकानेही तो पाहिलेला नाही, लिंक मात्र सगळ्यांना हवी आहे. मग भीती कशाची, असं मी विचारलं. भाऊजींचं उत्तर आलं, "तुले तिथं बसून काय समजते? इथं लेकरं आहेत आमची."

लेकरांचीच काळजी असती तर 2017 चा ब्लू व्हेल आठवला असता, मुलांना आत्महत्येकडे नेतो म्हणून गाजलेला तो ऑनलाइन खेळ. तेव्हाही असंच रान उठलं. जानेवारी 2018 मध्ये केंद्र सरकारने संसदेत सांगितलं की त्या खेळाचा मृत्यूंशी संबंध सिद्ध झालेला नाही. मग मोमो आली, मेसेजवरून मुलांना धमकावते अशी अफवा असलेली. तो भयाण चेहरा एका जपानी कलाकाराच्या शिल्पाचा निघाला. आणि 1 जुलै 2018 ला धुळे जिल्ह्यात राईनपाड्याला, मुलं पळवणारे समजून नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठार मारलं. त्या दिवसांत देशभर फिरलेली मूल पळवण्याची एक क्लिप कराचीतल्या जनजागृतीच्या फिल्ममधून कापलेली होती. न घडलेलं अपहरण लोकांनी खरं मानलं, आणि घडलेले खून मोबाइलवर फिरवले.

मी न्यूझीलंडमध्ये क्राइस्टचर्चला राहतो, कामावर डीन्स अव्हेन्यूवरून, अल नूर मशिदीच्या रस्त्याने जातो. 15 मार्च 2019 ला तिच्यासह दोन मशिदींवर झालेल्या हल्ल्यात 51 माणसं गेली, आणि मारेकऱ्याने ते फेसबुकवर थेट दाखवलं. पहिल्या 24 तासांत फेसबुकला 15 लाख प्रती काढाव्या लागल्या. इथे तो व्हिडिओ जवळ बाळगणंही गुन्हा आहे. तो पसरवणाऱ्या एकाला 21 महिन्यांची कैद झाली. आमच्या ऑफिसात त्याचा विषयही निघत नाही. ज्यांची माणसं गेली ते सुपरमार्केटात समोर येतात, त्यांच्या नजरेला नजर द्यायची असते.

मला तो हल्ल्याचा व्हिडिओ नागपूरहूनच आला. "हेच ना तुझं गाव?" मी न उघडता पुसून टाकला.

भाऊजी म्हणतात, सप्टेंबर 2023 मध्ये नागपूरचा अंबाझरी तलाव ओसंडला तेव्हा तूच दिवसभर क्लिपा मागत होतास. हो, मागत होतो. डागा लेआउटमध्ये आईचं घर आहे, पाणी कितव्या पायरीपर्यंत चढलं ते मला पाहायचं होतं. कोणाचं मरण पाहायचं नव्हतं. दूर राहणाऱ्याला आपलं गाव मोबाइलमध्येच पाहावं लागतं, आणि तोच मोबाइल तुम्ही असल्या लिंकांनी भरता, याचा मला राग येतो.