‘अभिनय येत नाही’ हे न बघताच कसं ठरलं?

‘अडल्ट फिल्ममध्ये काम केलेल्या बाईला अभिनय येत नाही, म्हणून तिला दुसरीकडे कोणी उभं करत नाही. आणि तक्रार कसली? राजीखुशीने गेली, खोऱ्याने पैसा ओढला.’ हा मजकूर सध्या हातोहात फिरतोय. त्यातलं एकही वाक्य टिकत नाही.

आधी अभिनय. डेव्हिड क्रोननबर्गचा १९७७ चा कमी बजेटचा भयपट ‘रॅबिड’ बघा. नायिका मॅरिलिन चेंबर्स, १९७२ च्या ‘बिहाइंड द ग्रीन डोअर’ या अडल्ट चित्रपटामुळे गाजलेली. माणसांना पिसाळवणारी साथ आपल्या डंखामुळेच पसरतेय का, हे पडताळायला ती शेवटी आपणच डंख केलेल्या माणसाबरोबर स्वतःला खोलीत कोंडून घेते आणि फोनवर प्रियकराशी बोलत राहते. भीती, हट्ट, अपराधीपणा, सगळं त्या आवाजात आहे. क्रोननबर्गला आधी अभिनेत्री सिसी स्पेसेक हवी होती. चेंबर्सचं नाव सुचवलं निर्माता आयव्हन राइटमनने, आणि त्यात तिच्या नावावर तिकिटं खपतील हा हिशोब होता, हे मान्य. पण भूमिका तिने पेलली. तरी १९८० मध्ये ती पुन्हा अडल्ट चित्रपटातच दिसली. इथे कमी पडली ती काम देणाऱ्यांची हिंमत.

‘कोणी उभं करत नाही’ हेही खोटं. दिग्दर्शक स्टीव्हन सोडरबर्गने २००९ मध्ये ‘द गर्लफ्रेंड एक्सपीरियन्स’मधली मुख्य भूमिका, पैसे घेऊन सोबत करणाऱ्या एस्कॉर्टची, अडल्ट चित्रपटांतल्या साशा ग्रेला दिली. तिचा चेहरा कोरा वाटतो, अशी टीका झाली. मला तो कोरेपणा भूमिकेचाच भाग वाटतो: पत्रकार खोदून विचारतो तेव्हा स्वतःबद्दल काहीच हाती लागू न देणारी बाई तशीच दिसणार.

पैशाचं म्हणाल, तर या धंद्यात मानधन बहुधा एकरकमी असतं. चित्रपट पुढे कितीही वर्षं विकला जावो, नटीला त्यातला वाटा मिळत नाही.

आणि राजीखुशी? ‘डीप थ्रोट’ या अडल्ट चित्रपटाची नायिका लिंडा लव्हलेस हिने १९८० च्या आत्मचरित्रात लिहिलं, की नवऱ्याने मारहाण करून, धमकावून हे काम करून घेतलं. १९८६ मध्ये पोर्नोग्राफीची चौकशी करणाऱ्या अमेरिकी सरकारच्या मीज आयोगासमोरही तिने तेच सांगितलं. दुसरीकडे कॅन्डिडा रॉयालने अडल्ट चित्रपटांत अभिनय केल्यावर १९८४ मध्ये स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि बायकांच्या नजरेतून चित्रपट केले. या दोघींना एकाच वाक्यात कोंबणाऱ्याने एकीचंही म्हणणं ऐकलेलं नाही.