उरुसेव्हस्की म्हणताना जीभ अडखळते का?

सकाळपासून डोकं फिरलंय. कुणीतरी 'आय ॲम क्यूबा'मधला तो शॉट रील करून टाकलाय. हॉटेलची गच्ची, वर बँड, सौंदर्यस्पर्धा. कॅमेरा इमारतीच्या बाहेरून खालच्या मजल्यावर उतरतो, पिणाऱ्या-लोळणाऱ्या मंडळींमधून वाट काढतो आणि सरळ पोहण्याच्या तलावात शिरतो. मध्ये एक कट नाही. वर मथळा, 'याला म्हणतात डायरेक्टर!' खाली एक शहाणा विचारतोय, ड्रोन कुठला वापरला? अरे बाबा, १९६४ चा सिनेमा आहे तो!

आणि कॅमेरामनचं नाव? शोधून सापडत नाही. सर्गेई उरुसेव्हस्की. घ्या लिहून.

दिग्दर्शक मिखाईल कालातोझोव्ह थोर होता, मान्य. तो स्वतःही सुरुवातीला कॅमेराच चालवायचा. पण म्हणून सगळा हार त्याच्याच गळ्यात?

मी उमेदवारीच्या दिवसांत एका मराठी सिनेमाला कॅमेरा अटेंडंट होतो. आमच्या कॅमेरामनना सगळे दादा म्हणायचे. जत्रेचा सीन होता. नायिका एसटीतून उतरते आणि गर्दीत नवऱ्याला शोधत पळते. दादांनी खांद्यावर टॉवेलची घडी ठेवली, वर कॅमेरा घेतला आणि मला म्हणाले, "मागून माझा पट्टा धर. मी पडायला लागलो तर तू आधी पड." तसेच पळालो आम्ही, नारळवाल्यांच्या पाट्या चुकवत. शॉट झाल्यावर सगळं युनिट टाळ्या वाजवतंय आणि दादा गुलाल पुसत म्हणतात, "माझं नाही रे हे. एका रशियन माणसाचं आहे."

उरुसेव्हस्की हे नाव मी पहिल्यांदा ऐकलं ते तिथे.

दादांनी 'द क्रेन्स आर फ्लाइंग' पुण्याच्या फिल्म अर्काइव्हमध्ये पाहिला होता. १९५७ चा, याच दिग्दर्शक-कॅमेरामन जोडीचा. त्यात व्हेरोनिका बसमध्ये बसलीय, तिचा बोरिस युद्धावर निघालाय. रस्ता अडलाय. ती बसमधून उतरते, गर्दीत घुसते, कॅमेरा तिच्या खांद्याला खांदा लावून, आणि मग तोच कॅमेरा अचानक वर उचलला जातो. खाली रणगाडे चाललेत आणि त्यांच्यामधून ती एवढीशी पोर पळतेय. पुढे बोरिसला गोळी लागते तेव्हा बर्च झाडांचे शेंडे डोक्यावर गरगरतात आणि तो पुन्हा जिना चढताना दिसतो. त्या सिनेमाला १९५८ मध्ये कान चित्रपट महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं.

उरुसेव्हस्की मुळात चित्रकार. जन्म १९०८, सेंट पीटर्सबर्गचा. लाकडावर कोरून छापचित्रं करणारे व्लादिमीर फाव्होर्स्की त्याचे गुरू. काळ्या-पांढऱ्याची ती नजर तिथून आली असं मला पक्कं वाटतं. मग महायुद्धात आघाडीवर कॅमेरा घेऊन. त्यानंतर सरकारी पसंतीचे सिनेमे, दोन स्टालिन पारितोषिकं. म्हणजे गप्प बसून आयुष्य सुखात काढता आलं असतं. आणि हा पठ्ठ्या वयाच्या पन्नाशीत कॅमेरा हातात घेऊन पळायला लागला!

'फॉर्मलिस्ट' म्हणून टीका झाली. म्हणजे काय, तर कॅमेरा फार मिरवतो. याच जोडीच्या 'लेटर नेव्हर सेंट'मध्ये सैबेरियात हिरे शोधणारे चौघं वणव्यात सापडतात, तिथे माणसांपेक्षा धूर आणि फांद्याच जास्त दिसतात, हे खरं आहे. बरं, पुढे.

'आय ॲम क्यूबा' प्रचारपट आहे असं म्हणणारे येतीलच. आहे. सोव्हिएत-क्युबन पैशातला आहे, मग काय असणार? पण त्यातला ऊस बघा. मी सांगलीकडचा, ऊस मला कुणी दाखवायला नको. तो इन्फ्रारेड, म्हणजे डोळ्याला न दिसणारे किरण टिपणाऱ्या फिल्मवर घेतलाय. तिच्यावर हिरवं पान पांढरं उमटतं आणि आभाळ काळं पडतं. ताड पांढरे, ऊस पांढरा, वर काळं ऊन. जमीन मालकाने परस्पर अमेरिकन कंपनीला विकलीय. म्हातारा पेद्रो पोरांना पैसे देऊन गावात पाठवतो, जा, मजा करा म्हणतो, आणि मागे एकटा उभा पीक पेटवून देतो. आमच्याकडेही तोडणीआधी फड पेटवतात. ती तडतड मी लहानपणापासून ऐकतोय. पण उसाकडे असं बघता येतं हे मला एका रशियन माणसाने दाखवलं.

तेव्हा तो सिनेमा ना हवानाला आवडला ना मॉस्कोला. पेटीत गेला. तीसेक वर्षांनी अमेरिकेत कोपोला आणि स्कॉर्सेसी या बड्या दिग्दर्शकांनी तो आपल्या नावानिशी लोकांपुढे आणला तेव्हा उरुसेव्हस्कीला जाऊन वीसेक वर्षं झाली होती. १९७४ मध्येच गेला तो. मधे स्वतः दोन सिनेमे दिग्दर्शित केले, पण त्यांच्यावर रील कोण करणार?

कुणी म्हणेल, क्यूबातला कॅमेरा प्रत्यक्ष हातात होता तो ऑपरेटर अलेक्झांडर काल्झाटीच्या. बरोबर. मग त्याचंही नाव घ्या ना! माझं म्हणणं दुसरं काय आहे?

आमच्या त्या सिनेमाचा पुढे सत्कार झाला. शाल, श्रीफळ, सगळं. दिग्दर्शक माइकवर म्हणाले, "जत्रेचा तो शॉट मला झोपेत दिसला होता." समोर टाळ्या. दादा माझ्या शेजारी शेवटच्या रांगेत बटाटेवडा खात होते. त्यांना स्टेजवर बोलावलंच नाही. मी तावातावाने उठायला लागलो तर त्यांनी माझाच पट्टा मागून धरला आणि म्हणाले, "बस खाली. झोपेत दिसला असेल त्यांना. पळालो आपण."

तेव्हा हसू आलं होतं. आज लिहिताना येत नाहीये.

असो. चिडून झालं. मोबाईलवर हे सिनेमे बघू नका, माती होते. माझ्याकडे 'क्रेन्स' आणि 'क्यूबा' दोन्हींच्या बऱ्या प्रती आहेत. सांगली-मिरजेत कुणाकडे प्रोजेक्टर आणि पांढरी भिंत असेल तर इनबॉक्समध्ये सांगा, एखाद्या रविवारी संध्याकाळी लावू. चहा माझ्याकडून. श्रेयनामावली संपेपर्यंत उठायचं नाही, एवढी एकच अट.