कोट्सांचे किताब नेमके कुठे गेले?

‘अँकर धाग्याचे मालक कोट्स. स्कॉटलंडमधलं अतिश्रीमंत घराणं. वंश बुडाला, सरकारनं किताब काढून घेतले, जहागीर खालसा झाली. आता पैसे भरून कोणीही लॉर्ड ग्लेनटॅनर होऊ शकतो.’ हा मजकूर या महिन्यात मला तिसऱ्यांदा आला. त्यात धड खरं एकच: घराणं श्रीमंत होतं. अँकरसुद्धा मूळचं क्लार्क या दुसऱ्या गिरणीवाल्या घराण्याचं, 1896च्या विलीनीकरणात ते कोट्सांकडे आलं.

वंश बुडाला म्हणे. आपल्या कोयरीला इंग्रजीत ज्या गावाचं नाव पडलं, त्या पेझ्लीचे हे गिरणीवाले. त्यांच्याकडे वंशपरंपरागत किताब तीन आले. 1894मध्ये थॉमस ग्लेन-कोट्स आणि 1905मध्ये जेम्स कोट्स बॅरोनेट झाले, म्हणजे वंशपरंपरागत ‘सर’. 1916मध्ये जॉर्ज कोट्स बॅरन ग्लेनटॅनर झाले; बॅरन म्हणजे लॉर्डांतली सगळ्यांत खालची पायरी. ग्लेन-कोट्सांचा किताब 1954मध्ये संपला, ग्लेनटॅनरचा 1971मध्ये. जेम्स यांचा अजून चालू आहे. मग बुडालं काय?

काढून घेतले, हेही नाही. कोट्सांना मिळालेला असा किताब मूळ मानकऱ्याच्या पुरुष वंशजांनाच चालतो. चुलतभावंडं ढीगभर असली तरी ती त्याच्या पोटची नसतात, आणि मुलगी तर धरतच नाहीत. ग्लेन-कोट्सांचे दुसरे बॅरोनेट शिडाच्या बोटींचे डिझायनर होते. 1908च्या ऑलिंपिकमध्ये त्यांनी ‘हेरा’ या शिडाच्या बोटीवर सुवर्णपदक मिळवलं. (शर्यतीत बोटी दोनच होत्या, पण पदक ते पदक!) ते गेले, पुढे वारस नव्हता, किताब आपोआप थांबला. सरकारनं बोटही लावलं नाही.

जॉर्ज यांच्या मुलीची गोष्ट तर फारच बोलकी आहे. तिचं लग्न वेलिंग्टनच्या पाचव्या ड्यूकशी झालं. जालन्याजवळच्या असईला 1803मध्ये मराठी फौजेशी लढलेल्या वेलस्लीचा, म्हणजे वेलिंग्टनच्या पहिल्या ड्यूकचा, हा पणतू. तिचा मुलगा, सहावा ड्यूक, 1943मध्ये इटलीत युद्धात मारला गेला. तो अविवाहित होता. इंग्लंडमधला किताब काकाकडे गेला. पण त्याच घराण्याचा स्पेनमधला सिउदाद रॉद्रिगोचा किताब मात्र बहिणीला मिळाला, कारण तिथल्या नियमात मुलगी बसत होती. रक्त तेच, मेलेला माणूस तोच, नियम तेवढे दोन. पुढे 1949मध्ये तिनंही तो काकांना दिला.

‘खालसा’ हा शब्द वाचून आपल्याला 1848चं सातारा आठवणारच. दत्तक नामंजूर झाला आणि राज्य गेलं. दत्तकाला हे ब्रिटिश किताबही चालत नाहीत, साम्य तेवढंच. ॲबर्डीनशायरमधली ग्लेन टॅनरची इस्टेट दुसऱ्या बॅरननंतर त्यांच्या मुलीकडे गेली. नावापुढचं ‘लॉर्ड’ संपलं, डोंगर आणि पाइनचं जंगल घरातच राहिलं.

राहिली विक्री. संपलेला किताब विकायला कोणाकडे नसतोच, आणि किताबांची दलाली 1925च्या कायद्यानं गुन्हा आहे. गोंधळ बहुधा स्कॉटलंडच्या जुन्या सरंजामी ‘बॅरनी’मुळे, म्हणजे पूर्वी जमिनीशी जोडलेल्या मानामुळे होतो. ती विकत घेता येते, पण तिच्या मालकाला ‘लॉर्ड’ म्हणत नाहीत. चौरस फूटभर जमिनीसोबत ऑनलाइन येणारं ‘लॉर्ड’पणाचं प्रमाणपत्र फ्रेम करून भिंतीवर लावा, हवं तर.