खुलासा: अबुजा–कडुना रेल्वेवरील हल्ल्याचा मेसेज जुना आहे

‘नायजेरियात काल अबुजा–कडुना गाडी उडवली, शेकडो ओलीस’ हा मेसेज फिरतोय. घटना खरी, पण 28 मार्च 2022 ची. वाटेतल्या रिजाना-कटारी पट्ट्यात स्फोटाने गाडी अडवली. किमान 8 जण मारले गेले, साठाहून अधिक जणांना पळवून नेलं. शेकडो होते ते गाडीतले प्रवासी, ओलीस नव्हे. शेवटचे 23 ओलीस 5 ऑक्टोबर 2022 ला सुटले, डिसेंबरात गाडीही सुरू झाली. हे तेव्हाच्या बातम्यांत तारखांसह आहे.

अबुजा–कडुना महामार्गावर धोका नाही, असं मात्र नाही. खंडणीसाठी माणसं पळवणाऱ्या टोळ्यांच्या भीतीनेच तर लोक रस्ता सोडून रेल्वेकडे वळले होते. तिकडे कुणी असेल तर काळजी वाटणारच. तरी हा मेसेज पुढे पाठवू नका. पाठवला असेल, तर त्याच ग्रुपवर खरी तारीख टाका.