कधी करणार गेट बॅक?

"सर, आय विल गेट बॅक टू यू." झालं! हे ऐकलं की समजायचं, काम गेलं खड्ड्यात.

अरे, अर्थ तरी ठाऊक आहे का त्याचा? चौकशी करून पुन्हा संपर्क साधणं, उत्तर देणं. उत्तर! आमच्या मुंबईत मात्र अर्थ एकच: फोन ठेवा आता.

विम्यावाली गेट बॅक करणार. बिल्डरचा माणूस गेट बॅक करणार. मुलाखत घेतलेल्या एचआरच्या मॅडम गेट बॅक करणार, बहुधा पुढच्या जन्मी. आणि आमचे सोसायटीचे सेक्रेटरी म्हणजे तर कहर! बाथरूमच्या छतातून धो धो गळतंय, खाली बादली लावलीय, प्लास्टरचा पोपडा थेट साबणाच्या वडीवर येऊन पडलाय, आणि जिन्यात गाठलं तर म्हणतात, "कमिटीशी बोलून गेट बॅक करतो." अहो काका, गळतंय तुमच्याच बाथरूममधून! कमिटी काय करणार त्यात, ठराव?

बरं, आपण होऊन फोन करावा, तर वैताग त्यांनाच. "सर, बोललो ना, गेट बॅक करतो!" सरळ मराठीत 'बघतो' म्हणायला काय जीभ झडते? निदान 'बघतो' ऐकल्यावर कुणी आशा तरी लावून बसत नाही.

आणि हो, त्या 'टू'च्या जागी 'अ‍ॅट' घातलं की अर्थ होतो सूड उगवणं. आय विल गेट बॅक अ‍ॅट यू, काका. तेवढं मी अगदी वेळेवर करणार आहे.