कॉलिन पॉवेल यांना साक्षीला बोलावण्याआधी

सीमेवर काही घडलं की एक मेसेज हमखास फिरायला लागतो. शब्द थोडे इकडेतिकडे होतात, गाभा तोच राहतो: 'अमेरिकेने कॉलिन पॉवेलसारखा अस्सल फौजी राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार केला. फायली फिरवणारा नव्हे, घाव घालणारा! "आधी तोडू, मग मारू" असं जाहीर सांगून त्याने सद्दामला १०० तासांत लोळवलं. फौजी माणूस पुढाऱ्यांपुढे वाकत नाही. म्हणून तिकडे हे पद नेहमी जनरललाच देतात. आपल्याकडे मात्र कायम बाबू.' खाली तिरंगा, जोडलेले हात आणि पुढे पाठवण्याची आज्ञा.

सैन्यातल्या माणसाला या खुर्चीत बसवावं की नाही, यावर खुशाल वाद घाला. तो वाद घालण्याजोगा आहे. पण त्यात पॉवेल यांना साक्षीला बोलावलंत तर साक्ष उलटी जाईल.

'अस्सल फौजी, फायली फिरवणारा नव्हे'

यातलं पहिलं बरोबर आहे. जमैकाहून आलेल्या आईबापांचा हा मुलगा १९३७ मध्ये हार्लेममध्ये जन्मला आणि साउथ ब्राँक्समध्ये वाढला. वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत तो गेलाच नाही. न्यूयॉर्कच्या सिटी कॉलेजात भूगर्भशास्त्र शिकला, मार्क बेताचेच. मन रमलं ते आरओटीसीत. आपल्या एनसीसीच्या जातीचं, पण थेट कमिशन देणारं प्रशिक्षण. १९५८ मध्ये सेकंड लेफ्टनंट. १९६३ मध्ये व्हिएतनाममध्ये, लाओसच्या सीमेलगतच्या खोऱ्यात गस्त घालताना जमिनीत रोवलेली बांबूची टोकदार खुंटी पायातून आरपार गेली. दुसऱ्या खेपेला, १९६८ मध्ये, हेलिकॉप्टर झाडांत कोसळलं. घोटा मोडलेला असताना त्यांनी धुमसत्या सांगाड्यातून सहकाऱ्यांना बाहेर ओढलं. त्याबद्दल सोल्जर्स मेडल मिळालं. फौजीपणाबद्दल शंका घ्यायला जागा नाही.

पण सुरक्षा सल्लागाराच्या खुर्चीपर्यंत त्यांना या शौर्याने नेलं नाही. नेलं ते फायलींनीच. १९७२ मध्ये व्हाइट हाउस फेलो म्हणून ते अर्थसंकल्पाच्या कार्यालयात लागले. तिथे वरिष्ठ कोण, तर कॅस्पर वाइनबर्गर आणि फ्रँक कार्लुची. पुढे वाइनबर्गर संरक्षणमंत्री झाले तेव्हा १९८३ ते १९८६ पॉवेल त्यांचे लष्करी सहायक होते. मंत्र्याकडे जाणारा कागद आधी त्यांच्या टेबलावरून जायचा. १९८६ मध्ये जर्मनीतल्या पाचव्या कोअरची कमान मिळाली. कुठल्याही जनरलने जन्मभर वाट पाहावी अशी नेमणूक. काही महिन्यांतच कार्लुचींचा फोन आला: व्हाइट हाउसमध्ये ये. पॉवेल नको म्हणत राहिले. शेवटी रेगन यांनी स्वतः फोन केला, तेव्हा फौज सोडून ते परत टेबलाकडे आले.

बोलावलं कशासाठी, हे मेसेजवाल्यांनी नीट वाचावं. इराणला गुपचूप शस्त्रं विकायची आणि त्यातला पैसा निकाराग्वातल्या काँट्रा बंडखोरांकडे वळवायचा, हा उद्योग अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा परिषदेच्या कार्यालयातूनच चालला होता. चालवणारे होते सल्लागार जॉन पॉइंडेक्स्टर, नौदलात सेवेत असलेले व्हाइस ॲडमिरल, आणि ऑलिव्हर नॉर्थ, मरीन कोअरचे लेफ्टनंट कर्नल. दोघेही गणवेशातले, दोघेही धडाडीचे. त्यांनी करून ठेवलेला पसारा आवरायला आधी कार्लुची आणि त्यांच्या हाताखाली पॉवेल आले. नोव्हेंबर १९८७ मध्ये कार्लुची संरक्षणमंत्री झाले आणि पॉवेल सल्लागार.

मग या फौजीने काय केलं? रोज सकाळी सात वाजता आपल्या खोलीत परराष्ट्रमंत्री शुल्त्झ आणि संरक्षणमंत्री कार्लुची यांना बसवायला सुरुवात केली. सोबत सचिव नाहीत, विषयपत्रिका नाही, फक्त तिघं. शुल्त्झ आणि आधीचे संरक्षणमंत्री वाइनबर्गर यांचं इतकं वाजायचं की कागद वर्षानुवर्षं अडकून पडायचे, हे ज्याला माहीत आहे त्याला या सात वाजताच्या बैठकीचं मोल कळेल. या पदाचं काम हेच असतं: मंत्र्यांची मतं जशीच्या तशी राष्ट्राध्यक्षांपुढे नेणं आणि निर्णय झाला की तो खाली पोचला का ते पाहणं. म्हणजे, माफ करा, फायली फिरवणं.

'सल्लागार म्हणून सद्दामला लोळवलं'

साध्या तारखा बघा. पॉवेल सल्लागार होते २० जानेवारी १९८९ पर्यंत. सद्दामने कुवेत गिळलं ऑगस्ट १९९० मध्ये. तेव्हा ते सैन्यदलांच्या प्रमुखांच्या समितीचे अध्यक्ष होते, आणि सल्लागार होते ब्रेंट स्कोक्रॉफ्ट. 'आधी तोडू, मग मारू' हे वाक्य त्यांचंच, जानेवारी १९९१ मधलं, इराकी सैन्याबद्दलचं. पण खुर्ची दुसरी. आणि ते १०० तास फक्त जमिनीवरच्या लढाईचे. त्याआधी पाच महिन्यांहून जास्त जमवाजमव, पाच लाखांहून जास्त अमेरिकी सैनिक आणि पाच आठवड्यांपेक्षा जास्त बॉम्बवर्षाव आहे. शंभराव्या तासाला थांबण्याच्या बाजूने सल्ला देणाऱ्यांत पॉवेलही होते. सद्दाम गादीवर तसाच राहिला.

'फौजी म्हणजे लगेच घाव'

हा मुद्दा सगळ्यात जास्त टाळ्या घेतो आणि सगळ्यात जास्त चुकीचा आहे.

कुवेत गेल्यावर व्हाइट हाउसमधल्या सुरुवातीच्या बैठकांत पॉवेल यांनी विचारलं, कुवेत सोडवण्यासाठी युद्ध करणं आपल्याला परवडेल का, तेवढं मोल आहे का? बैठकीनंतर संरक्षणमंत्री डिक चेनी यांनी त्यांना झापलं: तुम्ही आता सुरक्षा सल्लागार नाही, लष्करी बाबींपुरतं बोला. सबुरीने घ्या म्हणणारा होता जनरल. त्याला गप्प करणारे होते व्हिएतनामच्या काळात पाच वेळा सवलत घेऊन सक्तीची भरती टाळलेले चेनी. त्याच पानगळीच्या दिवसांत पॉवेल यांनी राष्ट्राध्यक्ष बुश यांच्यापुढे आर्थिक निर्बंधांनी सद्दामचा गळा आवळत राहण्याचा पर्यायही मांडला. बुश यांना तो पटला नाही.

हे भित्रेपण नव्हतं. ऑक्टोबर १९८३ मध्ये बैरुतमध्ये स्फोटकांनी भरलेला ट्रक मरीन सैनिकांच्या इमारतीत घुसला. त्या रात्री मृतांचा आकडा वाढेल तसतसा फोन करून वाइनबर्गर यांना कळवण्याचं काम पॉवेल यांच्याकडे होतं. शेवटचा आकडा २४१. ते सैनिक तिथे नेमकं काय साधायला ठेवले होते, याचं धड उत्तर वॉशिंग्टनमध्ये कुणाकडेच नव्हतं. वर्षभराने वाइनबर्गर यांनी जाहीर भाषणात अटी घातल्या: राष्ट्राचं खरं हित गुंतलेलं हवं, उद्दिष्ट स्पष्ट हवं, जिंकण्याइतकं बळ लावायची तयारी हवी, जनतेचा पाठिंबा हवा, आणि सैन्य हा शेवटचा उपाय हवा. हीच यादी पुढे थोड्या फरकाने पॉवेल यांच्या नावाने ओळखली गेली. 'सैन्य केव्हा वापरू नये' याची ती यादी आहे. पुढे बोस्नियात बळ वापरायला ते राजी होईनात, तेव्हा संयुक्त राष्ट्रांतल्या अमेरिकेच्या राजदूत मॅडलिन ऑलब्राइट यांनी वैतागून विचारलं होतं की वापरायचंच नसेल तर या झकास सैन्याचा उपयोग काय.

सल्लागार असतानाचा काळही असाच. एप्रिल १९८८ मध्ये इराणी सुरुंगाने अमेरिकी युद्धनौका फुटली, तेव्हा अमेरिकेने इराणच्या तेल-मंचांवर आणि नौदलावर एक दिवसाची मोजकी कारवाई केली आणि तिथेच थांबली. बाकी बहुतेक शक्ती सोव्हिएत युनियनशी बोलण्यात गेली. मध्यम पल्ल्याच्या अण्वस्त्रांचा करार डिसेंबर १९८७ मध्ये झाला. पुढच्या वसंतात क्रेमलिनमध्ये गोर्बाचेव यांनी टेबलापलीकडे बसलेल्या या जनरलकडे पाहून मिश्किलपणे विचारलं, की आता तुमचा सगळ्यात चांगला शत्रूच गेला, तर तुम्ही करणार काय? हा किस्सा पॉवेल पुढे स्वतः रंगवून सांगत.

उलट, फेब्रुवारी १९६५ मध्ये व्हिएतनामहून परतताना उत्तर व्हिएतनामवर सातत्याने बॉम्बहल्ले करा, अशी शिफारस लिहिणारे सल्लागार मॅकजॉर्ज बंडी हार्वर्डचे माजी डीन होते. त्यांच्या जागी आलेले वॉल्ट रोस्टाव अर्थशास्त्राचे प्राध्यापक. दोघेही युद्धाचे कट्टर समर्थक.

'फौजी पुढाऱ्यांपुढे वाकत नाही'

इथे पॉवेल यांच्या चाहत्यांनाही अवघड जातं, मलाही जातं. १९६८ मध्ये त्यांच्या डिव्हिजनमधल्या एका सैनिकाने व्हिएतनामी नागरिकांवर होणाऱ्या अत्याचारांची तक्रार केली. चौकशी मेजर पॉवेल यांच्याकडे आली. त्या सैनिकाशी न बोलताच त्यांनी वर कळवलं की आपले सैनिक आणि जनता यांचे संबंध उत्तम आहेत. 'मी लाइ' या व्हिएतनामी खेड्यातलं हत्याकांड त्याच डिव्हिजनच्या सैनिकांनी त्याच वर्षी मार्चमध्ये केलं होतं. पॉवेल रुजू होण्याआधी, आणि त्या तक्रारीत त्याचं नावही नव्हतं, हे खरं. पण वरिष्ठांना हवं ते उत्तर गेलं, हेही खरं. १९८६ मध्ये इराणसाठीची क्षेपणास्त्रं सैन्याच्या भांडारातून सीआयएकडे सोपवली गेली, ती वाइनबर्गर यांच्या हुकमाने आणि पॉवेल यांच्या हातून. काँग्रेसला कळवावं लागेल, अशी आठवण त्यांनी कागदावर करून दिली. हुकूम मात्र पाळला.

मग ५ फेब्रुवारी २००३. परराष्ट्रमंत्री पॉवेल संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत पांढरी पूड असलेली छोटी कुपी हातात धरून इराककडच्या संहारक शस्त्रांबद्दल जगाला सांगत होते. युद्धाबद्दल त्यांच्या मनात शंका होत्या, आणि त्या त्यांनी आदल्या ऑगस्टमध्ये धाकट्या बुश यांना समोरासमोर ऐकवल्याही होत्या. पण जानेवारीत बुश यांनी साथ मागितली आणि त्यांनी दिली. भाषणाआधी काही दिवस ते सीआयएच्या मुख्यालयात बसून मजकूर चाळत होते, बराचसा उडवलाही. जे उरलं त्यातलंही मुख्य ते खोटं निघालं. आपल्या कारकिर्दीवरचा हा डाग आहे, असं त्यांनी पुढे स्वतः मान्य केलं. राजीनामा देऊन बाहेर पडण्याचा मार्ग होता. ३५ वर्षं गणवेशात काढलेल्या माणसाला तो सुचला नाही किंवा पटला नाही. घाई करू नका म्हणायला शिकवलं ते सैन्याने, आणि हुकूम निघाला की पाय जुळवायलाही सैन्यानेच शिकवलं.

'तिकडे नेहमी जनरल, इकडे बाबू'

तिकडेही बहुतेक वेळा नागरीच. किसिंजर, ब्रेझिन्स्की, कोंडोलिझा राइस, बोल्टन, सलिव्हन. नोव्हेंबर १९८७ मध्ये, पॉवेल यांची नेमणूक झाली त्याच महिन्यात, इराण-काँट्रा प्रकरणाची चौकशी करणाऱ्या काँग्रेसच्या समित्यांनी शिफारस केली की सेवेतला लष्करी अधिकारी या पदावर नेमू नये. मायकेल फ्लिन हे निवृत्त लेफ्टनंट जनरल २०१७ मध्ये सल्लागार झाले, तर रशियन राजदूताशी झालेल्या बोलण्याबद्दल उपराष्ट्राध्यक्षांची दिशाभूल केली म्हणून महिन्याच्या आत गेले.

आपल्याकडे आजवर पाच: ब्रजेश मिश्रा, जे. एन. दीक्षित, एम. के. नारायणन, शिवशंकर मेनन आणि अजित डोवल. तीन परराष्ट्र सेवेतले, दोन पोलीस सेवेतले. डोवल सैन्यात होते असंही काही जण ठोकून देतात. त्यांना मिळालेल्या कीर्ती चक्र या शौर्यपदकामुळे गैरसमज होत असावा. लष्कराचं म्हणणं आपल्या राष्ट्रीय सुरक्षा परिषदेपर्यंत पोचत नाही, असंही नाही. तिच्या सचिवालयात लष्करी सल्लागार असतो. जनरल अनिल चौहान सरसेनाध्यक्ष (सीडीएस) होण्याआधी तिथेच होते.

जनरलला सल्लागार करण्याची हौस असलेला देश शेजारीच आहे. २६/११ नंतर पाकिस्तानचे सल्लागार होते निवृत्त मेजर जनरल महमूद अली दुर्रानी. मुंबईत पकडलेला कसाब पाकिस्तानीच आहे, हे त्यांनी जानेवारी २००९ मध्ये माध्यमांपुढे मान्य केलं. पंतप्रधान गिलानी यांनी त्यांना त्याच दिवशी काढून टाकलं. आणि २०२५ मध्ये पहलगामच्या हल्ल्याला दहा दिवस व्हायच्या आत पाकिस्तानने हे पद सोपवलं आयएसआयचे प्रमुख लेफ्टनंट जनरल आसिम मलिक यांच्याकडे. गणवेश आहे, जनरल आहे, बाबू अजिबात नाही. त्या नेमणुकीचं कौतुक करणारा मेसेज मात्र माझ्या एकाही ग्रुपवर अजून आलेला नाही.