कर्ज कशासाठी?

परवा इंदूरच्या रामबागेत एका मुंजीला गेले होते. पंगतीत विषय निघाला खेड्यांचा. सुपर कॉरिडॉर या शहराकडेच्या मोठ्या रस्त्याच्या बाजूची जमीन कितीला गेली, कुणाच्या दारात कुठली गाडी उभी आहे, वर शेतीच्या उत्पन्नावर टॅक्स नाही, म्हणजे खेडी आता सुधारलीच, असं एकांचं म्हणणं. समोर बसलेल्या काकांना ते पटेना. ते आजोबांच्या इनामी गावाबद्दल बोलू लागले. तेव्हा गाव कसं सुखी होतं, मिठाखेरीज बाहेरून काही आणावं लागत नसे. दुसऱ्याच्या घरचं कार्य, म्हणून मी गप्प राहिले. पण तेव्हापासून मनात घोळतंय. लांबलचक होईल, तरी लिहितेच.

१९८४ साली माझी नेमणूक देवास जिल्ह्यातल्या एका खेड्यातल्या बँक शाखेत झाली. सकाळी सरवटे स्टँडवरून बस, पुढे फाट्यापासून पायी. शेतीकर्जाचं टेबल माझ्याकडे. त्या अर्जात एक रकाना असायचा, 'कर्जाचे प्रयोजन'. नोकरीतली बहुतेक वर्षं मी तो रकाना वाचत आले. गाव कसं बदलतं हे मला कुठल्या पुस्तकापेक्षा त्या एका रकान्याने जास्त शिकवलं.

सुरुवातीला तिथे काय असायचं? बैलजोडी. टायरची गाडी. विहीर खोल करणं. पाच हॉर्सपॉवरची मोटर. बस्स, एवढंच.

काकांच्या त्या सुखी गावाबद्दल आधी सांगते. 'डग डग रोटी, पग पग नीर' ही म्हण आपण इंदूरकर अभिमानाने सांगतो. पण पावसाळ्यात माळव्याची काळी माती अशी चिकट होते की पाऊल टाकलं की चप्पल तिथेच राहते. त्यामुळे पुष्कळ रानं चौमासभर नुसती पडून असत. पाणी मातीत मुरू द्यायचं आणि दिवाळीच्या सुमारास गहू-हरभरा पेरायचा, ही रीत. मग पावसाळ्यात मजूर घरी काय खात होता? सावकाराकडून सवाई-दिढीने आणलेलं धान्य. एक मण आणायचं, पीक आल्यावर सवा नाहीतर दीड मण परत करायचं. १९५१ च्या कायद्यांनी जहागिऱ्या-जमीनदाऱ्या गेल्या, पण ही सवाई-दिढी मी नोकरीला लागले तेव्हाही ऐकू यायची. ज्याची जमीन होती तो सुखी असेल. बलाईवाड्यातल्या, म्हणजे दलित वस्तीतल्या, माणसाला ते गाव सुखाचं होतं, असं मला कुणी बलाई आजवर म्हणालेला नाही.

हे चित्र बदललं सोयाबीनने. जबलपूरच्या कृषी विद्यापीठाने इलिनॉय विद्यापीठाच्या साथीने साठच्या दशकाच्या अखेरीपासून त्यावर काम केलं, आणि सत्तर-ऐंशीच्या दशकात ते माळव्यात पसरलं. पडीक राहणाऱ्या रानात शंभर दिवसांत येणारं पीक मिळालं, शिवाय त्यामागून गव्हाला रान मोकळं. पहिल्यांदाच गावात दसऱ्या-दिवाळीला रोख पैसा दिसू लागला. १९७९ मध्ये सोयाबीन प्रक्रिया करणाऱ्यांची संघटना इंदुरात उभी राहिली, १९८७ मध्ये राष्ट्रीय संशोधन केंद्रही इथेच आलं. आमच्या रकान्यात 'ट्रॅक्टर' हा शब्द येऊ लागला. पोराला इंदूरला शिकायला ठेवलंय हे सांगताना बापाचा चेहरा कसा फुलायचा, ते मी टेबलापलीकडून पाहिलंय. म्हणून सोयाबीनला सरसकट नावं ठेवणाऱ्यांशी माझं पटत नाही.

पण ट्रॅक्टर आला आणि बैलजोडीचा अर्ज बंद झाला. बैल गेले तसं शेणखत गेलं. कडबा-भुसा खाणारं दावणीला कुणी उरलं नाही. पंजाबहून हार्वेस्टर येऊ लागले, ते नुसत्या लोंब्या कापून नेतात, मागे नरवाई, म्हणजे पिकाची धसकटं, उभी राहते आणि तिला काडी लावली जाते. अल्बर्ट हॉवर्ड या इंग्रज शेतीशास्त्रज्ञाने ज्या इंदुरात बसून काडीकचरा आणि शेणापासून खत करायची रीत बसवली, जी जगभर 'इंदूर पद्धत' म्हणून गेली आणि जी पाहायला १९३५ मध्ये गांधीजी आले होते, त्याच इंदूरच्या वेशीवर एप्रिलमध्ये धुराने डोळे चुरचुरतात. तणनाशक आलं तेव्हा निंदणीला जाणाऱ्या बायकांची महिन्याभराची मजुरी गेली. त्यांचं नाव आमच्या कुठल्याच रजिस्टरात नव्हतं, म्हणून ती गेल्याची नोंदही झाली नाही.

नव्वदच्या दशकात रकान्यातला नवा शब्द 'ट्यूबवेल'. माळव्याच्या खाली काळा पाषाण, त्याच्या भेगांत मावेल तेवढंच पाणी. एकाने दोनशे फूट घेतला की शेजारी तीनशे. "बाईसाब, बोर फेल हुई ग्यो," हे वाक्य घेऊन माणसं यायची ती दुसऱ्या बोरसाठी कर्ज मागायला. पहिल्या बोरचं अजून फिटलेलं नसायचं. माझ्याच सहीने मंजूर झालेले ते अर्ज आठवले की आजही जिवाला लागतं. २००६ नंतर देवासमध्येच उमाकांत उमराव कलेक्टर असताना शेतकऱ्यांनी आपापल्या रानात तळी खोदली, त्यांना 'रेवा सागर' म्हणत. जमिनीखालून उपसण्याऐवजी वर साठवायचं. त्यातली काही तळी मी भरलेली पाहिली आहेत. काठावर पक्षी आणि खालच्या रानात हिरवागार गहू. आमच्या रकान्यात हे दहा वर्षं आधी आलं असतं तर किती घरं वाचली असती!

आता सोयाबीनचं काय झालं ते बघा. पीक हेक्टरी टनाच्या आसपास घुटमळतंय, बरीच वर्षं. भाव ठरतो तो गावात नाही, आणि खरं तर इंदूरच्या छावणी मंडीतही नाही. दाण्यात तेल पाचव्या हिश्श्याइतकंच, बाकी पेंड. पेंड परदेशी किती जाते आणि बाहेरून पामतेल किती येतं, यावर सगळं अवलंबून. २०२४-२५ चा हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता, पण त्या हंगामात मंडीत त्याखाली विकणारे किती भेटले! सप्टेंबर २०२४ मध्ये कच्च्या खाद्यतेलावरचं मूळ आयात शुल्क शून्यावरून २० टक्के झालं आणि मे २०२५ मध्ये उतरून १० टक्क्यांवर आलं. शेतकरी जूनमध्ये पेरतो तेव्हा ऑक्टोबरात दिल्लीत काय ठरलेलं असेल हे त्याने कसं ओळखायचं?

निवृत्तीच्या आधीच्या वर्षांत रकान्यात काय दिसायचं ते लिहायला हात जड होतो. लग्न. दवाखाना. जुनं कर्ज भरण्यासाठी नवं कर्ज. कागदावर 'पीक' लिहिलेलं असायचं, १९९८ नंतर किसान क्रेडिट कार्ड आल्यावर तर नेहमीच, पण समोर बसलेला माणूस खरं कारण सांगायचा. ज्या कर्जाने पुढच्या वर्षी चार पैसे जास्त येतात ते वेगळं, आणि भोक बुजवण्याचं कर्ज वेगळं. गाव सुधारतंय की नाही, हे मी या दोहोंच्या प्रमाणावरून ओळखते. दारातली गाडी पाहून नाही.

कारण ती गाडी बहुतेक वेळा विकलेल्या जमिनीची असते. इंदूरच्या कडेचा शेतकरी कॉलनीवाल्याला जमीन देतो, निम्म्या पैशात लांब कन्नोद-खातेगावकडे शेत घेतो. मग तिकडच्या जमिनीचे भाव चढतात आणि तिथला बटाईदार कायमचा बटाईदार राहतो. विकणाऱ्याच्या रानात मजुरी करणाऱ्याला तर काहीच मिळत नाही. त्याला पूर्वी इंदूरच्या गिरण्या होत्या. हुकुमचंद मिल १९९१ च्या डिसेंबरात बंद झाली आणि कामगारांना देणी मिळायला २०२३ उजाडलं. आता पहाटे मजूर चौकात उभं राहायचं. कुणी नेलं तर नेलं.

माझं म्हणणं एवढंच आहे की दाणा गावात पिकतो पण त्याचा दुसरा पैसा, म्हणजे दळण्याचा, तळण्याचा, वाळवण्याचा, पिशवीत भरण्याचा पैसा गावात राहिला पाहिजे. हे हवेतलं नाही. माळव्याचा बटाटा चिप्सला उत्तम, त्यात साखर कमी असते. महूजवळ कोदरियात जाऊन बघा, होळीच्या आधी-नंतर मोकळ्या जागेत चिप्स वाळत घातलेल्या दिसतात, आणि काम करणाऱ्यांत बायका किती आहेत ते मोजा.

माझ्या जुन्या शाखेच्या गावातली एक बाई दोन महिन्यांपूर्वी घरी आली होती. तिची सासू निंदणीला जायची. घरात एक बिघाही जमीन नाही. तिला आणि आणखी चौघींना चिप्स कापायचं मशीन आणि वाळवायला शेड घालायची आहे. सूक्ष्म खाद्य उद्योगांच्या केंद्राच्या योजनेत यासाठी ३५ टक्के अनुदान आहे. अर्ज मी भरून दिला. प्रयोजनाचा रकाना तिने स्वतः लिहिला, मोठ्या अक्षरात. एका शाखेत गेलो तर तिथल्या साहेबांनी पहिला प्रश्न विचारला, "जमीन किसके नाम पे है?" मी त्यांना नियम दाखवला, त्यांनी पुढच्या आठवड्यात या म्हणून सांगितलं. ते दोनदा झालं.

सोमवारी आम्ही पुन्हा जाणार आहोत. मशीनचं कोटेशन सोबत आहे. इथे वाचणाऱ्यांपैकी कुणी प्रोजेक्ट रिपोर्ट करून देणारे सीए असाल, किंवा या योजनेतून कर्ज मिळवलेलं असेल, तर कृपया मला मेसेज करा.